सिरम संपलं, हप्ते चालूच: सोलापुरातलं एक प्रकरण

ही मुलगी सत्तावीस वर्षांची. अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्याच्या ऑफिसात बिलिंग बघते. हातात येणारा पगार १६,८०० रुपये. वडील निवृत्त, आई घर सांभाळते, धाकटा भाऊ पॉलिटेक्निकला. पगारातले ८,००० ती घरात देते. १,००० आमच्या भिशीत, आणि शेअर रिक्षा व मोबाइल रिचार्ज मिळून १,८०० जातात. उरतात ६,०००. कपडे, औषधपाणी, मैत्रिणीच्या लग्नातला आहेर, सगळं त्यातूनच.

सप्टेंबर ते जानेवारी या पाच महिन्यांत तिने चेहरा, केस आणि मेकअप यांवर ३८,३३७ रुपयांची खरेदी केली. म्हणजे दोन पगारांहून जास्त. यातली एकही खरेदी करताना आपण कर्ज काढतोय असं तिला वाटलं नव्हतं. ‘तुझ्यावर काही कर्ज आहे का?’ असं कुणी विचारलं असतं, तर तिने अगदी खरेपणाने ‘नाही’ म्हणून सांगितलं असतं. माझ्या दृष्टीने हे प्रकरण मांडण्याचं मुख्य कारण हेच आहे.

मी आधी एका पतसंस्थेत हिशेबाचं काम करत होते. आता वस्तीतल्या बारा जणींच्या भिशीची वही सांभाळते. दहा तारखेला पैसे जमा होतात. ही मुलगी कधी अकरा तारखेवर गेली नव्हती. जानेवारीत तिचा मेसेज आला, ‘काकू, ह्या महिन्यात भिशी जमत नाही ओ, पुढच्या महिन्यात दोन्ही देते.’ तिथून मला कळायला लागलं.

खरेदीची सुरुवात हौसेने झालेली नव्हती, हे आधी सांगायला हवं. तिच्या गालांवर मुरमांचे काळे डाग राहिले होते. सोलापूरचं ऊन काय असतं ते इथे राहणाऱ्याला सांगायला नको. मे महिन्यात पारा बेचाळीसच्या वर जातो आणि ऑक्टोबरही सुखाचा नसतो. त्यात उघड्या रिक्षातून रोज जाणं-येणं, रस्त्याची धूळ. आणि गेल्या वर्षी स्थळं यायला लागली. एका ठिकाणाहून मध्यस्थाकरवी निरोप आला की मुलगी फोटोत वेगळी दिसते. आईने वाईट हेतूने नव्हे, काळजीनेच म्हटलं, ‘चेहऱ्याकडं बघ गं जरा.’ पोह्यांच्या बशीसोबत मुलीचा चेहराही पाहुण्यांपुढे ठेवायचा, आणि तिने सिरमची बाटली घेतली की तिला उधळी म्हणायचं, हे मला मान्य नाही. तिची गरज खरी होती. पैसे चुकते करण्याची पद्धत मात्र त्या गरजेला साजेशी नव्हती.

हप्त्यावर हप्ता कसा चढला

सप्टेंबरात तिने एका सौंदर्यप्रसाधनांच्या अ‍ॅपवरून फेसवॉश, सिरम आणि सनस्क्रीन मागवलं. बिल २,३९७. पैसे भरायच्या पानावर ‘फक्त ७९९ आज’ हा पर्याय आधीच निवडलेला होता. पहिला हप्ता लगेच, पुढचे दोन पुढच्या दोन महिन्यांत, व्याज नाही. वेळेवर भरलं तर खरंच व्याज नव्हतं, आणि या योजनेत पुढेही तिच्याकडून कधी व्याज घेतलं गेलं नाही.

पण सिरमची तीस मिलीची बाटली रोज वापरली तर सहा ते आठ आठवड्यांत संपते. सनस्क्रीन नेमाने लावलं तर त्याहून लवकर. फ्रिज बारा हप्त्यांवर घेतला तर हप्ते फिटल्यावरही तो दहा वर्षं चालतो. सिरमचं तसं नाही. तिसरा हप्ता जायच्या आधीच बाटली रिकामी, म्हणून दुसरी मागवायची, आणि दुसरीचा पहिला हप्ता पहिलीच्या शेवटच्या हप्त्यावर येऊन बसतो. हे एकदा सुरू झालं की थांबत नाही, कारण त्वचेची निगा एका बाटलीने होत नसते. ज्या वस्तूचं आयुष्य तिच्या हप्त्यांपेक्षा कमी, ती वस्तू हप्त्यांवर घेतली तर उधारी कायमचीच होते. हप्ता लहान आहे की मोठा, व्याज आहे की नाही, यांपेक्षा मला ही गोष्ट जास्त घातक वाटते. आणि जाहिरातीत तर ती नसतेच.

दिवाळीच्या तोंडावर सेल लागला. अत्तर आणि लिपस्टिकचा संच, ३,६००, तीन हप्ते १,२०० चे. नोव्हेंबरात सिरम-सनस्क्रीन पुन्हा, १,९५०, हप्ता ६५०. जानेवारीत तेच पुन्हा, तेवढ्यालाच. त्याच काळात दुसऱ्या एका अ‍ॅपने ‘महिनाभर घ्या, पाच तारखेला एकदम भरा’ अशी सोय दिली. सुरुवातीला मर्यादा ५,०००. नेलपॉलिश, वॅक्स, केसांचा मास्क, असं शंभर-दोनशेचं सामान त्यावर यायला लागलं. त्याची बिलं आली १,१००, मग १,३००, मग १,४००.

मी तिला सगळं एका कागदावर महिन्यांप्रमाणे लिहायला लावलं. सप्टेंबर ७९९. ऑक्टोबर १,९९९. नोव्हेंबर ३,७४९. डिसेंबर ७,१५०. जानेवारी ६,७००. शेजारी मोकळ्या पैशांचा आकडा, ६,०००. ती बराच वेळ त्या कागदाकडे बघत राहिली आणि म्हणाली, ‘काकू, मला ७९९ आणि ६५० च दिसत होते.’

ऑक्टोबर-नोव्हेंबर दिवाळीच्या बोनसने झाकले गेले, डिसेंबरही कसाबसा त्याच्याच शिलकीवर निघाला. म्हणून जानेवारीपर्यंत काही चुकतंय असं तिला जाणवलंच नाही. बोनस नसता तर हे प्रकरण नोव्हेंबरातच उघडं पडलं असतं आणि निम्म्यावर थांबलं असतं.

नवी पेठेतल्या ज्या दुकानातून तिची आई टिकल्या, पावडर, मेंदी घेते, तिथेही उधारी चालते. पण तिथे एक माणूस असतो आणि एक वही असते. तिसऱ्यांदा गेलं की तो म्हणतो, ‘ताई, मागचे साडेचारशे बाकी आहेत बघा.’ त्याच्या वहीत बेरीज असते. या मुलीची उधारी तीन-चार ठिकाणी विखुरलेली होती आणि प्रत्येक अ‍ॅपला फक्त आपलाच आकडा दिसत होता. बेरीज करणारं कुणी नव्हतं. उलट वेळेवर भरतेय म्हणून दुसऱ्या अ‍ॅपने मर्यादा १२,००० करण्याचा पर्याय पुढे केला. तिने घाईत ‘होय’ दाबलं. रिझर्व्ह बँकेचा नियम असा आहे की ग्राहकाने स्वतः स्पष्ट मागणी केल्याशिवाय कर्जाची मर्यादा आपोआप वाढवता येत नाही. एका बटणाने नियमाची पूर्तता झाली असेल. पण बसमध्ये उभ्याने दाबलेल्या ‘होय’ला मी तरी मागणी म्हणणार नाही.

पार्लरचं पॅकेज

वरचे आकडे तसे किरकोळच. डिसेंबरमध्ये उडी मारली ती पार्लरच्या पॅकेजने. नोव्हेंबरअखेर एका पार्लरमध्ये तिला ‘प्री-ब्रायडल ग्लो’ असं पॅकेज सांगितलं. आठ सिटिंग, दर पंधरा दिवसांनी एक. किंमत २४,०००, सहा हप्ते ४,००० चे, ‘नो कॉस्ट’. काउंटरवरच्या मुलीने फोनवरून आधार-पॅन टाकून दहा मिनिटांत मंजुरी घेतली. प्रक्रिया शुल्क ४९९ अधिक जीएसटी, म्हणजे ५८९. तिने भोळेपणाने विचारलं होतं, ‘रोख दिले तर?’ उत्तर आलं, ‘रोख असेल तर मॅडम २१,००० ला देतात.’

म्हणजे नो कॉस्टची किंमत काउंटरवरच सांगितली गेली होती, फक्त ती कुणी व्याज म्हणून मांडली नाही. अशा योजनेत फायनान्स कंपनी पार्लरला पैसे एकदम देते आणि पार्लर आपल्या किमतीतला काही भाग कंपनीकडे सोडतं. तो भाग आधीच किमतीत घातलेला असतो. रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर २०१३ च्या परिपत्रकात बँकांना बजावलं होतं की शून्य टक्के व्याज अशी काही गोष्टच नसते, किमतीत सूट असेल तर ती ग्राहकाला मिळाली पाहिजे.

हा हिशेब कुणालाही वहीवर करता येईल असा आहे. रोख किंमत २१,०००. हिने भरायचे सहा वेळा ४,००० आणि वर ५८९, एकूण २४,५८९. जादा गेले ३,५८९. आता २१,००० काही सहा महिने पूर्ण वापरायला मिळत नाहीत, दर महिन्याला मुद्दल कमी होत जातं. सरासरी धरली तर साधारण सव्वाबारा हजार रुपये सहा महिने वापरले. त्यावर ३,५८९ म्हणजे वर्षाला अठ्ठावन्न टक्क्यांच्या आसपास. महिन्याला पावणेपाच टक्क्यांच्याही थोडं वर. हातमाग-यंत्रमागाच्या काळात सोलापूरच्या पेठांमधून शेकडा पाचने पैसे देणारे सावकार होते आणि त्यांचं नाव काढलं तरी घरात भांडणं व्हायची. तिची आजी हा दर ऐकून पार्लरच्या पायरीवरूनच मागे फिरली असती. इथे तोच दर गुलाबी कार्डावर छापून मिळाला.

शिवाय हे कर्ज आणि पार्लरची सेवा या कागदावर दोन वेगळ्या गोष्टी असतात. पैसे पार्लरला पहिल्याच दिवशी मिळालेले असतात. सिटिंग झालं नाही, आवडलं नाही, पार्लर बंद झालं, तरी हप्ता फायनान्स कंपनीला द्यावाच लागतो. ही गोष्ट तिला जानेवारीत कळली. तिसऱ्या सिटिंगला चेहऱ्यावर पील, म्हणजे त्वचेचा वरचा थर काढणारं रसायन, लावलं. घरी ती आधीच रात्री रेटिनॉलचं सिरम लावत होती. दुसऱ्या दिवशी गाल लालबुंद, सोलल्यासारखे, पाणी लागलं तरी आग. सिव्हिलच्या त्वचारोग ओपीडीत डॉक्टरांनी सांगितलं, सगळं बंद. साधा फेसवॉश, मॉइश्चरायझर, सनस्क्रीन, एवढंच. पीलच्या आधी रेटिनॉल काही दिवस थांबवायला हवं होतं, आणि ते विचारण्याचं काम पील लावणाऱ्याचं होतं. पाच सिटिंग शिल्लक राहिली. पार्लर म्हणालं, ‘पैसे परत होत नाहीत, बहिणीला वापरू दे.’ तिला बहीण नाही.

पाच तारीख आणि सात तारीख

फायनान्स कंपनीचा हप्ता आणि दुसऱ्या अ‍ॅपचं बिल, दोन्ही पाच तारखेला कापले जायचे. कारखान्याचा पगार सात तारखेला होतो. यात कारखान्याचं काही चुकत नाही. हजारापेक्षा कमी कामगार असलेल्या ठिकाणी पगार पुढच्या महिन्याच्या सात तारखेच्या आत द्यावा, हे १९३६ च्या वेतन प्रदान कायद्यापासून चालत आलेलं आहे. आपल्याकडचे बहुतेक लहान कारखाने सातच्या आसपासच पगार करतात. हप्त्याची तारीख पाच ठेवणाऱ्याने पुण्या-मुंबईच्या ऑफिसातला, महिन्याच्या शेवटच्या दिवशी खात्यात येणारा पगार डोळ्यांसमोर ठेवलेला असणार.

५ जानेवारीला तिच्या खात्यात १,२८० रुपये होते. ४,००० चा हप्ता परत गेला. बँकेने परत गेल्याचे करासह २९५ कापले. त्याच दिवशी १,४०० चं बिल आलं, तेही परत गेलं, आणखी २९५. फायनान्स कंपनीने बाउन्सचे ५०० लावले, अ‍ॅपने उशिराचे २५०. दोन दिवसांच्या फरकापायी १,३४० रुपये गेले. दोन महिन्यांचं सनस्क्रीन त्यात सहज आलं असतं.

आठ तारखेला पगारातून थकलेला हप्ता आणि बाउन्सचे मिळून ४,५०० गेले. घरचे ८,००० दिले, कारण ते चुकवले असते तर घरात विचारणा झाली असती. पहिल्या अ‍ॅपचे दोन हप्ते मिळून १,३००, मग रिक्षा, रिचार्ज, औषधं. दहा तारखेला हातात हजार-बाराशे आणि पुढे सगळा महिना. १,४०० चं बिल तसंच राहिलं. ती म्हणाली, ‘मोठा हप्ता गेला ना, हे बारकं आहे, होईल नंतर.’

अकरा तारखेच्या रात्री तिने तिसऱ्याच एका अ‍ॅपवरून १०,००० चं रोख कर्ज घेतलं. शुल्क कापून खात्यात ९,४१० आले. फेड ३,६०० चे तीन हप्ते. या पैशांतून आधीचे हप्ते भरायचे, हा विचार. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ती माझ्याकडे भिशीचे हजार घेऊन आली, आणि हे हजार आले कुठून असं विचारल्यावर रडायला लागली. होम मैदानावर गड्ड्याच्या जत्रेची तयारी चालली होती, रस्त्यावर ही गर्दी, आणि आम्ही दोघी तिच्या मोबाइलवर कर्जाचं ‘मुख्य माहिती पत्रक’ शोधत बसलो होतो.

ते पत्रक हाती आलं म्हणून पुढचं सगळं करता आलं. रिझर्व्ह बँकेने २ सप्टेंबर २०२२ ला डिजिटल कर्जांसाठी नियम आणले, आणि ८ मे २०२५ ला ते एकत्र करून नव्याने जारी केले. त्यानुसार अ‍ॅपवरून दिलेल्या प्रत्येक कर्जासोबत असं पत्रक द्यावंच लागतं. त्यात सगळा खर्च धरून वार्षिक दर लिहिलेला असतो, आणि कर्ज परत करायची मुदतही. ही मुदत किमान एक दिवसाची असते. तेवढ्यात मुद्दल आणि त्या दिवसांपुरतं व्याज भरलं की दंड न देता बाहेर पडता येतं, फक्त आधी कळवलेलं प्रक्रिया शुल्क कंपनी ठेवू शकते. हिच्या पत्रकात मुदत तीन दिवस होती आणि वार्षिक दर ऐंशी टक्क्यांच्या वर. त्याच रात्री तिने १०,००० आणि एका दिवसाचं व्याज भरून ते कर्ज मिटवलं. ५९० चं शुल्क गेलं, ते परत आलं नाही. भिशीचे हजारही मी घेतले नाहीत.

तिची सगळ्यात मोठी धास्ती पैशांची नव्हती. ‘पाहुण्यांकडे फोन गेले तर?’ हे ती पुन्हा पुन्हा म्हणत होती. लग्नाची बोलणी चालू असताना मुलीच्या उधारीचा फोन कुणाकडे गेला तर काय होतं, हे तिला माहीत होतं आणि मलाही. म्हणून हे ठासून सांगते. कर्ज देणाऱ्या अ‍ॅपला फोनमधले नंबर, फोटो, कॉलची यादी बघायला नियमाने मनाई आहे. वसुलीसाठी सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर फोन करता येत नाही, आणि नातेवाईक-मित्रांना त्रास देता येत नाही. अ‍ॅपमागे खरोखर नोंदणीकृत बँक किंवा फायनान्स कंपनी आहे का, हे रिझर्व्ह बँकेच्या संकेतस्थळावरच्या यादीत बघता येतं. आम्ही चारही ठिकाणं त्यात तपासली. तक्रारीला कंपनीने तीस दिवसांत दाद दिली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं, त्याला पैसे लागत नाहीत. माहितीसाठी १४४४८ हा नंबर आहे.

मग काय केलं

रात्रीचं कर्ज मिटल्यावर उरलेली बाकी मांडली. पार्लरच्या कर्जाचे चार हप्ते, १६,०००. पहिल्या अ‍ॅपचे दोन, १,३००. दुसऱ्याचं बिल, दंड आणि चालू महिन्याचे ६४० मिळून २,२९०. एकूण १९,५९०. एका पगारापेक्षा थोडं जास्त. आकडा कळल्यावर तिचा चेहरा जरा सैलावला. तिच्या मनात तो पन्नास-साठ हजारांचा झाला होता.

पुढचं सगळ्यात अवघड काम पैशांचं नव्हतं. घरी सांगायचं होतं. मी सोबत गेले. आई आधी गप्प बसली, मग म्हणाली, ‘मीच म्हटलं होतं चेहऱ्याकडं बघ म्हणून.’ वडिलांनी दोन प्रश्न विचारले, एकही आवाज चढवून नाही. ठरलं असं की आठ हजारांतले तीन हजार आई या महिन्यात परत देईल आणि पुढचे तीन महिने घरात साडेसहा हजारच घेतले जातील. यापेक्षा मोठी मदत तिला कुठल्याच नियमाने केली नाही. पाच महिने ती घरात पूर्ण रक्कम देत राहिली ती कर्तेपणाच्या भावनेने, आणि त्याच पूर्ण रकमेमुळे घराला काही दिसलं नाही.

भिशीत तिचा नंबर एप्रिलमध्ये होता. एका बाईने आपला फेब्रुवारीचा नंबर तिला दिला. बारा जणींचे बारा हजार तिला लवकर मिळाले. तिला मी हेही बजावलं की आता पुढचे सगळे महिने हजार रुपये भरायचे आहेत आणि समोरून काही येणार नाही. भिशी आधी उचलली की ती कर्जच असते, फरक इतकाच की ते आपल्या माणसांचं असतं आणि त्यावर व्याज नसतं.

फायनान्स कंपनीला लेखी अर्ज केला, सोबत पगाराची स्लिप, की हप्त्याची तारीख पाचऐवजी दहा करावी. पहिल्यांदा ‘सिस्टीममध्ये होत नाही’ असं उत्तर आलं. तक्रार निवारण अधिकाऱ्याच्या ईमेलवर तोच अर्ज पाठवला तेव्हा दोन आठवड्यांत तारीख बदलली. ही मागणी कर्ज घेतानाच करता येते, हे फार कमी जणांना माहीत असतं. दुसऱ्या अ‍ॅपचं बिल २० जानेवारीला भरलं, फेब्रुवारीत उरलेले ६४० देऊन खातं बंद केलं, आणि बँकेतला आपोआप पैसे कापण्याचा आदेशही रद्द केला. अ‍ॅप फोनमधून काढून टाकलं म्हणजे खातं बंद होत नाही आणि आदेशही रद्द होत नाही.

फेब्रुवारीअखेर तिचा क्रेडिट रिपोर्ट, म्हणजे कुठली कर्जं घेतली आणि ती कशी फेडली याची नोंद, काढला. सिबिल, एक्स्पीरियन, इक्विफॅक्स आणि सीआरआयएफ हाय मार्क, या चारही कंपन्यांना वर्षातून एकदा पूर्ण रिपोर्ट फुकट द्यावा लागतो. त्यात तिला धक्का बसला तो नोंदींच्या संख्येने. पहिल्या अ‍ॅपवरची प्रत्येक ऑर्डर वेगळं कर्ज म्हणून नोंदलेली होती. सिरमचं एक कर्ज, लिपस्टिकच्या संचाचं एक, पुन्हा सिरमचं, पुन्हा सिरमचं. रात्री घेऊन परत केलेलं कर्जही होतं. पार्लरचा परत गेलेला ४,००० चा हप्ता तिथे उशिरा भरल्याचा दिसत नव्हता. जानेवारी २०२५ पासून कर्जांची माहिती दर पंधरा दिवसांनी कळवली जाऊ लागली होती, आणि तो हप्ता पंधरा तारखेच्या आत भरला गेला होता. डाग पडला होता तो ‘बारक्या’ १,४०० च्या बिलाचा, दहा दिवस थकल्याचा. या वर्षी बँकेकडून कर्ज काढून स्कूटी घ्यायचा तिचा बेत होता. आता तो पुढे ढकलला आहे. वेळेवर भरणा सुरू राहिला तर हा डाग हळूहळू फिका पडेल, पण त्याला महिने जातील.

तिला मी सौंदर्यप्रसाधनं घेऊ नकोस असं कधीच म्हटलं नाही. आम्ही दोघींनी मिळून एक आकडा ठरवला, महिन्याला ७००, आणि नियम एकच, जी वस्तू तीन महिन्यांच्या आत संपते ती रोखीनेच घ्यायची. डॉक्टरांनी सांगितलेल्या तीन वस्तू त्यात बसतात. चेहरा निवळला आहे.

पार्लरचं मात्र अजून मिटलेलं नाही. पाच सिटिंगचे हिशेबाने १५,००० होतात. सिव्हिलचा केसपेपर, पॅकेजचं कार्ड आणि चेहऱ्याचे तारखेसह फोटो जोडून आम्ही आधी लेखी मागणी केली, मग राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, म्हणजे १९१५ वर, तक्रार नोंदवली. ‘पैसे परत होत नाहीत’ असं कार्डावर छापलं म्हणून ग्राहकाचा हक्क जात नाही. सदोष सेवा थांबवून पैसे परत करायला नकार देणं ही २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा धरली आहे. पार्लरने अखेर ७,५०० वर तयारी दाखवली. मला तो आकडा कमी वाटतो, पण तिने तो मान्य केला, कारण दर महिन्याला चार हजार जात असताना वर्षभर भांडायची ताकद तिच्यात नव्हती. ४,००० फेब्रुवारीत आले. ३,५०० मार्चअखेर देतो म्हणाले होते, ते एप्रिल उजाडला तरी आलेले नाहीत. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला जिल्हा ग्राहक आयोगात शुल्क नाही आणि वकील लावायचीही सक्ती नाही. अर्ज मराठीत लिहून ठेवला आहे. या महिन्याच्या दहा तारखेपर्यंत वाट बघायची, भिशीच्या दिवशी कागद एकदा सगळ्यांनी मिळून वाचायचे आणि दुसऱ्या दिवशी दाखल करायचे, असं ठरलं आहे.